छपरावर बूट

बूट घालून दुसऱ्याच्या छपरावर चढणाऱ्याला मी माणूस म्हणत नाही. म्हणणारही नाही. ज्या छपरावरून माझ्या पेल्यात पाणी येतं, त्यावर तू कबुतरांच्या खुराड्यात फिरवलेले बूट घेऊन नाचणार, म्हणजे तू माझ्या ताटातच पाय दिलास. आमच्या सेंट डेव्हिड्स बेटावर हे शेंबड्या पोरालाही कळतं. इथे नदी नाही, ओढा नाही, विहीर खणली तर खारं पाणी. आभाळातून पडतं ते दगडी छपरावरून घरंगळत घराखालच्या टाक्यात जातं आणि टाक्यातून आमच्या पोटात. म्हणून छप्पर चुन्याने पांढरंशुभ्र ठेवायचं आणि त्यावर चढायचं ते पाय धुऊन, अनवाणी.

आमच्या शेजारच्या रुएल पिचरला हे माहीत नव्हतं होय? चांगलं माहीत होतं. म्हणून तर मेला बूट घालून चढला.

पण आधी माझ्या भावाचं सांगते. स्टोवेल तेव्हा नुकताच तुरुंगातून सुटून आला होता. कप मॅचच्या, म्हणजे क्रिकेटच्या, सुट्टीत रुएल रम पिऊन आमच्या बाबांना भर लोकांत "आंधळं घुबड" म्हणाला, आणि स्टोवेलने एका ठोशात त्याचा जबडा मोडला. तो वाकडाच बसला. रुएल काही चावायला लागला की कट् कट् वाजतो, आणि बोलताना त्याचे शब्द तोंडाच्या एकाच बाजूने सांडतात. त्यापायी स्टोवेल दोन वर्षं आत होता. शिक्षा सुनावताना न्यायाधीशांनी बजावलं होतं, की पुन्हा कोणावर हात उचललास तर पाच वर्षं बाहेरचं ऊन दिसणार नाही.

परत आला तो अर्धा होऊन. जेवायला बसला की पाठ भिंतीला लावायचा. बंद दार तर त्याला सहनच होत नव्हतं. मी कपाट लावलं तरी उठून यायचा आणि गुपचूप उघडून जायचा. रात्री पुढचं दार सताड उघडं ठेवून झोपायचा, मांजरं आत येऊन कॉड मासा पळवायची, तरी मी बोलले नाही. आणि मी बोलत नाही म्हणजे काय, हे आमच्या आळीत कोणालाही विचारा. मला एवढंच कळत होतं, की हा पुन्हा आत गेला तर जिवंत बाहेर येणार नाही. बाकी जग जळालं तरी चालेल, पण स्टोवेल आत जाता कामा नये. रोज सकाळी मी त्याला तेच ऐकवायचे.

"राग आवरायचा, स्टोवेल."

"हो ताई."

"कोणी थुंकलं तरी पुसायचं आणि पुढे जायचं."

"हो गं ताई."

त्या उन्हाळ्यात पावसाने तोंडच दाखवलं नव्हतं. टाक्यात गुडघाभर पाणी उरलं होतं. खारवलेला कॉड भिजवायचा तर त्यालाही पाणी लागतं, म्हणून रविवारची कॉड-बटाट्याची न्याहारीसुद्धा आम्ही बंद केली होती. आणि छप्पर बघाल तर काळं ठिक्कर. वर बुरशी, पन्हळीत सुरूच्या झाडाच्या सुया आणि सगळीकडे रुएलच्या कबुतरांची शीट. खुराडं त्याचं, दाणे त्याचे, पण हगायला आमचं छप्पर. दहा वेळा सांगून झालं होतं. "पाखराला काय कळतं गं झेल्मा, कुणाचं छप्पर ते?" म्हणायचा, एका बाजूने हसत. त्याचं स्वतःचं टाकं कधीच आटलं होतं. चर्चच्या टाक्यावरून डबे भरून आणायचा आणि येता-जाता आमच्या टाक्याकडे बघायचा.

"टाकं तळाला गेलंय, वारा पडलाय, ढगाचा पत्ता नाही," बाबा खाटेवरून ओरडले. "आत्ता छप्पर धुणार नाही तर कधी धुणार? माझ्या मयताला?"

बाबांचं, एल्काना फॉगोंचं, सगळं आयुष्य होडीवर आणि छपरावर गेलं. डावा डोळा चुन्याने गेला, उजवा म्हातारपणाने. तरुणपणी छपराला चुना देताना कुंचल्याचा फटकारा डोळ्यात उडाला. घरात पाणी नव्हतं आणि शेजारून येईपर्यंत उशीर झाला. आता खाटेवर पडल्या पडल्या ते कानांनीच बघतात. छपरावर पाल गेली तरी सांगतील कुठल्या बाजूला गेली.

तर त्या दिवशी सकाळी आम्ही कामाला लागलो. आधी पिण्याचं पाणी चार बादल्या काढून स्वयंपाकघरात झाकून ठेवलं, कारण चुना उडतो म्हणून त्या दिवशी टाक्याचं झाकण उघडायचं नाही. मग शिडी चढून मी पन्हळीच्या टोकाला गेले. तिथे टाक्यात उतरणारं भोक आहे, आणि त्याच्या शेजारी बागेत पाणी सोडणारं दुसरं. टाक्याच्या भोकात बोळा घालायचा आणि बागेचं भोक उघडायचं. हे एक विसरलात तर छपरावरची सगळी घाण आणि चुना टाक्यात, आणि मग बसा समुद्राचं पाणी पीत.

"बोळा घातलास का?" बाबा आतून ओरडले.

"घातला!"

"भिजवून?"

"भिजवून!"

"वर दगड?"

"दगड ठेवला बाबा. आता मीच जाऊन बसू का त्यावर?"

"बसलीस तर उत्तम. तू बसलीस की पाणीच काय, वाराही जायचा नाही."

स्टोवेल हसला. तुरुंगातून आल्यापासून पहिल्यांदा त्याचे दात दिसले. मला इतकं बरं वाटलं, की बाबांना उलट बोलायचं मी विसरूनच गेले.

तो अनवाणी वर चढला. आधी सुरूच्या सुया झाडून काढल्या, मग तारेच्या ब्रशने पायरी पायरी घासून काढली. आमची छपरं पायऱ्यांची असतात, पाणी धावत सुटू नये म्हणून. थोडंथोडं पाणी टाकून काळा राडा बागेत सोडला. ऊन चढलं तसं छप्पर सुकलं. कळीचा चुना मी आदल्या दिवशीच पिंपात भिजवला होता, तो अजून कोमट होता. मी बादल्या भरून शिडीवरून वर द्यायची आणि त्याने लांब दांड्याच्या कुंचल्याने आढ्यापासून खाली हात देत यायचं. माझ्याकडेही एक आखूड दांड्याचा कुंचला होता, वळचणीच्या कडेसाठी.

"डोळे सांभाळा रे!" बाबा दर थोड्या वेळाने ओरडायचे. "थेंब गेला तर चोळायचं नाही! पाणी मारत राहायचं, नुसतं पाणी!"

दुपारपर्यंत छपराची अर्धी पाखी पांढरी झाली. तेवढ्यात भिंतीपलीकडून रुएलचं तोंड वर आलं.

"काय स्टोवेल! तुरुंगात छप्पर धुवायला शिकवतात वाटतं?"

"हो," स्टोवेल वर न बघता म्हणाला. "आणि गप्प बसायलाही."

"अरे वा! आणि बायकांसारखं रडायला नाही शिकवलं? मी ऐकलं, रात्री रडायचास म्हणे."

मी शिडीवरून स्टोवेलकडे बघितलं. त्याची मान लाल झाली होती, पण कुंचला थांबला नाही. वर, खाली. वर, खाली. मी मनात म्हटलं, शाबास रे माझ्या राजा.

रुएलला हे पचलं नाही. घरात गेला आणि मक्याचे दाणे घेऊन आला. मूठभर दाणे त्याने आमच्या छपरावर फेकले, सरळ ओल्या चुन्यावर. आणि शीळ घातली. कबुतरं थव्याने उतरली. पांढऱ्या छपरावर त्यांच्या पायांचे ठसे, पंखांचे फराटे, सगळ्याचा चिखल झाला. स्टोवेल हाश हाश करत धावला. बाकीची उडाली, पण एक कबूतर बादलीतच पडलं. त्याने ते काढलं तेव्हा त्याचे पंख चिकटले होते, डोळे पांढरे झाले होते आणि चोच नुसती उघडझाप करत होती.

"ताई, धुऊन बघूया का? जगेल कदाचित."

"पाणी तुझा सासरा आणून देणार आहे? दे इकडे."

मी त्याची मान पिरगाळली आणि भिंतीवरून रुएलच्या अंगणात भिरकावलं.

"घे रे रुएल, रस्सा कर! चुना घातलाय, मीठ तेवढं तुझं टाक!"

"ताई, हे कशाला केलंस?" स्टोवेल हळूच म्हणाला.

"तू तुझं काम बघ. तुझा राग आवर म्हणजे झालं."

आता तुम्ही म्हणाल, झेल्मा, तूच काडी टाकलीस. हो, टाकली. माझ्या छपरावर दाणे टाकणाऱ्याला मी काय ओवाळायचं होतं?

आमचं घर डोंगराला टेकून आहे. मागच्या बाजूने छप्पर जेमतेम कमरेइतकं उंच. रुएल तिकडूनच आला. मला तो दिसायच्या आधी बाबांना ऐकू आला.

"वर कोण आहे?" बाबा किंचाळले. "बूट! बुटाचा पाय आहे! झेल्मा, माझ्या छपरावर कोण बूट घेऊन चढलंय?"

मी मान वर केली. रुएल आढ्यावर उभा होता, अंगात खुराड्यातली मळकी पँट, पायात चिखलाने माखलेले बूट, हातात ते मेलेलं कबूतर. ओल्या चुन्यात पाय रोवत तो खाली आला आणि त्याने ते कबूतर स्टोवेलच्या थोबाडात हाणलं. फाड्कन. पिसं उडाली. स्टोवेल जागचा हलला नाही.

"कुणी मारलं हे? तू?"

स्टोवेलने माझं नाव घेतलं नाही. "चुकलं, रुएल," एवढंच म्हणाला. "खाली जाऊन बोलू. बूट काढ आधी."

रुएलने पुन्हा हाणलं, दुसऱ्या गालावर. मग पुन्हा. कबुतराची मान तुटून धड खाली पडलं. स्टोवेलचे दोन्ही हात कुंचल्याच्या दांड्यावर होते आणि बोटं पांढरीफटक पडली होती. मी शिडीवरून सारखी पुटपुटत होते, "आवर रे, आवर, आवर."

रुएलने माझ्याकडे बघितलं, मग पन्हळीकडे. त्याच्या तोंडाची चांगली बाजू वर गेली. चार पावलं खाली आला, बोळ्यावरच्या दगडाला लाथ मारली, वाकला आणि बोळा उपसून बागेत फेकून दिला.

पन्हळीतून बागेकडे चाललेलं चुन्याचं पाणी टाक्याच्या भोकात उतरलं. त्याने बादलीही लाथाडली. सगळा चुना, कबुतरांची घाण, त्याच्या बुटांचा चिखल, सगळं घळाघळा आत. खाली टाक्यात पाणी पडल्याचा आवाज मी ऐकला. आमच्या उरल्यासुरल्या पाण्यात.

"गेलं!" बाबा आतून ओरडले. "अगं झेल्मा, टाक्यात पडतंय! पाणी गेलं!" आणि ते लहान मुलासारखे हुंदके द्यायला लागले.

स्टोवेल धावला. बोळा नाही तर नाही, त्याने अंगातला शर्ट ओरबाडून काढला आणि भोकात कोंबायला गुडघ्यावर बसला. रुएलने त्याच्या पाठीत लाथ घातली. तो पालथा पडला. उठला तो दांडा हातात घेऊन. आणि त्याचा चेहरा बघून मला कप मॅचचा दिवस आठवला. दांडा डोक्याच्या वर गेला होता. खाली आला असता तर रुएलचं डोकं नारळासारखं फुटलं असतं.

"स्टोवेल!" मी जीव खाऊन ओरडले. "पाच वर्षं!"

तो थांबला. मग त्याने दांडा टाकून दिला. दांडा घरंगळत वळचणीवरून खाली गेला.

"बघ ताई," तो म्हणाला, "टाकला."

रुएलला तेच हवं होतं. त्याने पहिला ठोसा नाकावर मारला. नाक मोडल्याचा आवाज शिडीपर्यंत आला. दुसरा पोटात. स्टोवेल वाकला तसा गुडघा तोंडावर. दात चुन्यात पडले. माझा भाऊ हात वर करत नव्हता. नुसता तोंड झाकत होता आणि मागे सरकत होता, कडेकडे. तो वळचणीवर आडवा झाला तेव्हा रुएलने बुटाची टाच त्याच्या उजव्या हातावर ठेवली आणि पिळली. बोटं मोडली. स्टोवेल ओरडला, तसलं ओरडणं मी कोणाच्या तोंडून ऐकलेलं नाही. त्याच्या नाकातोंडातलं रक्त पांढऱ्या पायरीवरून ओघळत पन्हळीत चाललं होतं, आणि पन्हळीतून आमच्या टाक्यात.

"मार ना आता!" रुएल ओरडत होता. "माझा जबडा मोडलास ना? मार!" आणि दुसऱ्या पायाने त्याच्या बरगडीत लाथा घालत होता, त्याला कडेवरून खाली लोटत होता.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. शिडीच्या वरच्या दांड्यांवर मी कशी चढले मला माहीत नाही. माझी बादली भरलेली होती. आखूड कुंचला मी बुडवला, निथळू दिला नाही, आणि सगळा जोर लावून रुएलच्या तोंडावर हाणला. मग पुन्हा. मग कुंचला तोंडात कोंबून फिरवला, भांडं घासतात तसा.

तो जे किंचाळला! हात डोळ्यांवर दाबून गरगर फिरला, पाय घसरला आणि पायऱ्यांवर डोकं आपटत पन्हळीत येऊन अडकला. खोटं कशाला बोलू, मला बरं वाटलं. अगदी गार वाटलं.

"चोळू नकोस!" आतून बाबा ओरडले. आंधळा म्हातारा नुसत्या किंकाळीवरून ओळखून चुकला होता काय झालं ते. "कुणाचेही डोळे असोत, चोळू देऊ नका! पाणी!"

"ताई, पाणी!" स्टोवेलही म्हणाला. तोंडातून रक्ताचे बुडबुडे येत होते. आणि हा माझा भाऊ, मोडलेल्या हाताचा, रुएलला काखेत धरून मागच्या बाजूने खाली उतरवत होता.

मी स्वयंपाकघरात गेले. टाक्याचं झाकण उघडून बघितलं. आत दूध सांडल्यासारखं पांढरं. ते पाणी डोळ्यात घातलं असतं तर उरलासुरला डोळाही गेला असता. स्वच्छ म्हणून घरात त्या चार बादल्या होत्या. आम्हा तिघांचं पिण्याचं पाणी. बाहेर पाऊस नाही, चर्चच्या टाक्यावर रांग. आणि ते पाणी मी कुणावर ओतायचं? ज्याने माझं टाकं नासवलं त्याच्यावर? मी बादलीच्या कडीला हात लावून तशीच उभी राहिले.

स्टोवेल दारात आला. "ताई, तो आंधळा झाला तर मी मेलो. कोण मानणार आहे की मी नाही केलं?"

"होऊ दे आंधळा मुडद्याला!"

"ताई, तुरुंगाचं ते दार बंद होतं ना, तेव्हा..." तो म्हणाला.

"ओत, झेल्मा," बाबा खाटेवरून म्हणाले. आवाज एकदम खाली आला होता. "सगळं ओत. मला तहान नाही."

मी ओतलं. अंगणात रुएलला उताणा पाडून त्याच्या छातीवर बसले, अंगठ्यांनी पापण्या उघडल्या आणि स्टोवेलने डाव्या हाताने तांब्या तांब्या ओतायला सुरुवात केली. रुएल लाथा झाडत होता. माझ्या मनगटाला त्याने कडकडून चावा घेतला, वाकड्या जबड्याने. मी त्याच्या थोबाडीत दिली.

"पड गप! माझ्या म्हाताऱ्याचं पाणी आहे ते, तुझ्या डोळ्यात घालतेय! एक थेंब सांडलास तर नरडं दाबीन!"

चारही बादल्या संपल्या. तळाचं मी हाताने पुसून त्याच्या पापण्यांना लावलं. उजवा डोळा लालभडक होता, पण बुबुळ दिसत होतं. डावा पांढुरका.

आरडाओरडा ऐकून रस्त्यावरच्या कोणीतरी फोन केला होता. जीप थांबली आणि कॉन्स्टेबल डॅरेल उतरला, गुडघ्यापर्यंत मोजे, इस्त्रीची हाफ पँट, डोक्यावर पांढरं शिरस्त्राण. त्याने अंगण बघितलं, भिजलेला रुएल बघितला, आणि मग स्टोवेलकडे बघून मान हलवली.

"काय रे स्टोवेल. किती दिवस झाले बाहेर येऊन?"

"याने नाही, मी मारलं," मी म्हणाले. "या हाताने. कुंचला तो बघ तिथे."

डॅरेल हसला. चांगला मनुष्य आहे, म्हणून तर जास्त राग आला. "झेल्माताई, मला बहीण असती तर तीही असंच बोलली असती."

"अरे त्याची बोटं बघ! या हाताने कुंचला धरता येईल का?"

"बोटं नंतर मोडली असतील. रुएल, तूच सांग. चुना कुणी टाकला?"

रुएल भिंतीला टेकून बसला होता. माझ्या पाण्याचे थेंब अजून त्याच्या हनुवटीवरून गळत होते. माझा भाऊ त्याच्या बुटाखाली पडला होता आणि चुना शिडीकडून आला, हे त्याच्याएवढं कुणालाच माहीत नव्हतं. त्याचा जबडा वाजला. कट्.

"स्टोवेलने," तो म्हणाला. "दुसरं कोण?"

डॅरेलने बेड्या काढल्या. स्टोवेलने विरोध केला नाही. हात पुढे केले. सुजून जांभळी झालेली बोटं, त्यावर लोखंड बसलं तेव्हा त्याने डोळे मिटले. मग उघडून रस्त्यापलीकडे बघत राहिला, समुद्राकडे, भरभर, जेवढं दिसेल तेवढं बघून घेतल्यासारखा.

मी शिडीपाशी गेले. बादलीत तळाला चुना होता. कुंचला बुडवला.

"डॅरेल," मी हाक मारली, "नीट बघ हं."

आणि रुएलवर धावले. डॅरेल मध्ये पडला म्हणून रुएल वाचला. कुंचला डॅरेलच्या छातीवर बसला, बिल्ल्यांवर, पट्ट्यावर, त्या इस्त्रीच्या पँटवर. मी पुन्हा उचलला. त्याने माझा दंड धरला, मी त्याच्या नडगीवर लाथ मारली, आणि दांडा रुएलच्या खांद्यावर इतक्या जोरात हाणला की तो दांडाच मोडला. मोडकं टोक घेऊन मी पुन्हा गेले.

"आवरा हिला!" रुएल भिंतीला चिकटत ओरडला. "सांगतो! हिनेच! हिनेच टाकला चुना!"

डॅरेलने मला मागून कवळून धरलं होतं. धापा टाकत होता. "आणि स्टोवेल तेव्हा कुठे होता?"

रुएलने तोंड भिंतीकडे फिरवलं.

"रुएल, सोडू का हिला?"

"खाली. माझ्या पायाखाली होता."

मी मोडका दांडा टाकून दिला आणि हात पुढे केले. डॅरेलने स्टोवेलच्या बेड्या काढून मला घातल्या. लोखंड स्टोवेलच्या रक्ताने ओलं होतं.

"ताई, हे काय करून बसलीस?" स्टोवेल रडायला लागला.

"रडतोस काय? ऐक नीट," मी जीपमधून ओरडले. "भोकात नवा बोळा घाल! टाकं उपसून घासून काढ! त्या हरामखोराचे बुटाचे ठसे घासल्याशिवाय वर चुना देऊ नकोस! आणि पाऊस आला की पहिलं पाणी बागेत जाऊ दे, छप्पर स्वच्छ धुतलं गेलं की मगच बोळा काढ! कळलं का?"

"कळलं!"

"बाबांना शेजारून पाणी आण आधी!"

मला आठ महिन्यांची शिक्षा झाली. पोलिसाची नडगी म्हणून जास्त, असं म्हणाले. असू दे.

पाऊस आला तेव्हा मी आत होते. रात्रभर कोसळला. मी कोठडीत उठून बसले आणि छपराचा आवाज ऐकत राहिले. आता धुतलं जातंय, आता पाणी स्वच्छ असेल, आता काढ रे बोळा, काढ. पहाऱ्यावरची बाई म्हणाली, कुणाशी बोलतेस?

भेटीच्या दिवशी स्टोवेल आला. हातात बाटली होती. पहाऱ्यावरच्या बाईने झाकण काढून वास घेतला, उजेडात धरून बघितली आणि मला दिली. नितळ पाणी होतं. स्टोवेलची दोन बोटं आता वाकत नाहीत, बाटली पुढे केली तेव्हा ती ताठ बाहेर राहिली. रुएलचा उजवा डोळा वाचला, म्हणाला. डाव्याने नुसता उजेड कळतो. कबुतरं विकून टाकली.

"बाबा?"

"पहिला पेला त्यांनीच प्यायला. म्हणाले, जरा चुना लागतोय, पण चालेल."

मी प्यायले. अर्धी बाटली एका दमात. चुना लागत होता.

"लागतोय का गं?" त्याने विचारलं.

"छे! काहीतरीच," मी म्हणाले.

वेळ संपल्याची घंटा झाली. तो उठला आणि दारापाशी जाऊन उभा राहिला, अंग चोरून, भिंतीला पाठ लावून, तसाच. बंद दाराकडे बघत होता. मला वाटलं आता हा कोसळतो. मग बाहेरून किल्ली फिरली आणि ते दार त्याच्यासाठी उघडलं.